आघाताची साक्ष आणि कॅमेऱ्याची जबाबदारी

एखाद्या समाजगटाच्या वाट्याला आलेला आघात, मग तो घर पाडले जाण्याचा असो, दंगलीचा असो, गिरणी बंद पडण्याचा असो वा जातीच्या अवमानाचा, सरकारी दफ्तरात तारखा आणि आकडे यांच्या रूपाने नोंदला जातो. परंतु तो सोसणाऱ्यांच्या आयुष्यात पुढे काय घडले याची नोंद ठेवणारी साधने फार थोडी असतात. माहितीपट हे त्यांपैकी एक प्रमुख साधन आहे. प्रत्यक्ष घडलेल्या घटना आणि खरी माणसे यांच्या चित्रीकरणातून रचलेला हा चित्रपटप्रकार दुःखाला चेहरा आणि आवाज देतो, पण त्याच वेळी ते दुःख पडद्यावर मांडण्याचा अधिकार कोणाला, हा प्रश्नही उभा करतो. आनंद पटवर्धन यांनी मुंबईविषयी केलेले माहितीपट या दोन्ही अंगांनी अभ्यासण्याजोगे आहेत, कारण सहवेदना ही दिग्दर्शकाच्या मनाची केवळ हळवी अवस्था नसून काम करण्याची एक शिस्त असू शकते, हे त्यांतून स्पष्ट होते.

मुंबई आणि वास्तवाचे चित्रीकरण यांचे नाते भारतीय कथापटापेक्षाही जुने आहे. दादासाहेब फाळके यांनी दादरला चित्रित केलेला ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये झळकला. त्याआधी, १८९९ मध्ये, हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावे दादा यांनी हँगिंग गार्डनमध्ये झालेली कुस्ती चित्रित केली होती आणि १९०१ मध्ये केंब्रिजहून रँग्लर होऊन परतलेल्या र. पु. परांजपे यांच्या स्वागताचेही चित्रण केले होते. स्वातंत्र्यानंतर १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे मुख्यालयही मुंबईतच होते, आणि तिचे वृत्तपट व अनुबोधपट चित्रपटगृहांत मुख्य खेळाआधी दाखवणे अनेक दशके बंधनकारक होते. या सरकारी पटांत धरणे, कारखाने, लसीकरण, साक्षरता असे विषय येत आणि पडद्यामागचा एक भारदस्त आवाज प्रेक्षकाला सर्व काही समजावून सांगत असे. पडद्यावर दिसणारा शेतकरी किंवा कामगार स्वतः क्वचितच बोले. पुढच्या पिढीच्या स्वतंत्र माहितीपटकारांनी मोडली ती नेमकी ही रीत.

घडण

आनंद पटवर्धन यांचा जन्म १९५० मध्ये मुंबईत झाला. स्वातंत्र्यलढ्यातील समाजवादी नेते अच्युतराव आणि रावसाहेब पटवर्धन हे त्यांचे चुलते, तर आई निर्मला पटवर्धन या शांतिनिकेतनात शिकलेल्या नामवंत कुंभकला-शिल्पकार होत्या. मुंबई विद्यापीठातून इंग्रजी साहित्याची पदवी घेतल्यानंतर त्यांनी अमेरिकेत समाजशास्त्राचे आणि पुढे कॅनडात संज्ञापनशास्त्राचे, म्हणजे माध्यमांच्या व्यवहाराचे, शिक्षण घेतले. मध्यंतरी मध्य प्रदेशातील किशोर भारती या ग्रामीण शिक्षणप्रकल्पातही काम केले. बिहारमधील जयप्रकाश नारायण यांच्या आंदोलनावरील ‘क्रांति की तरंगें’ आणि राजकीय कैद्यांविषयीचा ‘जमीर के बंदी’ (१९७८) हे त्यांचे सुरुवातीचे पट आणीबाणीच्या काळाशी निगडित होते. चळवळीच्या जवळ राहून, अल्प साधनांत, कोणत्याही सरकारी वा व्यापारी संस्थेच्या आधाराविना चित्रपट करण्याची जी सवय या काळात लागली, ती पुढे त्यांच्या सर्व कामाचा पाया ठरली.

पाडकाम आणि एका स्त्रीचा प्रश्न

मुंबईच्या पदपथांवरील आणि झोपड्यांतील रहिवाशांना हुसकावण्याची मोठी मोहीम १९८१ च्या पावसाळ्यात राज्य शासनाने हाती घेतली. ती न्यायालयात गेली आणि ‘ओल्गा टेलिस विरुद्ध मुंबई महानगरपालिका’ या नावाने प्रसिद्ध झालेल्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने जुलै १९८५ मध्ये असा निर्वाळा दिला की, घटनेच्या २१ व्या अनुच्छेदातील जगण्याच्या अधिकारात उपजीविकेचा अधिकार अंतर्भूत आहे. मात्र रीतसर सूचना देऊन झोपड्या हटवण्याचा पालिकेचा अधिकारही न्यायालयाने मान्य केला. त्याच वर्षी पूर्ण झालेल्या पटवर्धन यांच्या ‘हमारा शहर’ या माहितीपटाची ही पार्श्वभूमी आहे. शहर सुंदर करण्याची भाषा बोलणारे सुखवस्तू नागरिक, कायद्याचा हवाला देणारे पोलीस व पालिकेचे अधिकारी आणि मोडलेल्या घरातली भांडीकुंडी गोळा करणारी कुटुंबे यांना या पटात एकापुढे एक ठेवले आहे. निवेदन अत्यंत मोजके असल्यामुळे या दृश्यांमधील विसंगतीचा अर्थ प्रेक्षकालाच लावावा लागतो.

या पटातील सर्वाधिक चर्चिले गेलेले दृश्य मात्र वेगळेच आहे. घर उद्ध्वस्त झालेली एक स्त्री चित्रीकरण करणाऱ्यांवरच संतापते आणि गरिबांची छायाचित्रे घेऊन तुम्हाला नाव मिळेल, आम्हाला काय मिळणार, अशा आशयाचा जाब विचारते. संकलनात, म्हणजे चित्रित तुकडे निवडून जोडण्याच्या प्रक्रियेत, दिग्दर्शकाला गैरसोयीचे असलेले असे दृश्य सहज गाळता आले असते. ते ठेवल्यामुळे चित्रपट स्वतःच्या नैतिकतेची तपासणी प्रेक्षकांसमोर मांडतो, आणि दुःख सोसणारी व्यक्ती ही केवळ कणव वाटण्याचा विषय नसून प्रश्न विचारणारी नागरिक आहे हेही ठसवतो. ‘हमारा शहर’ला कथाबाह्य चित्रपटांच्या विभागात सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, मात्र दिग्दर्शक त्या सुमारास झोपडीवासीयांच्या आंदोलनात गुंतलेले होते आणि पुरस्कार स्वीकारायला झोपडीवासीयांपैकीच एक स्त्री दिल्लीला गेली. घर उद्ध्वस्त झालेल्या स्त्रीने पडद्यावर विचारलेल्या प्रश्नाला पूर्ण उत्तर असे मिळाले नसले, तरी तो प्रश्न दिग्दर्शकाने कानाआड केला नव्हता, एवढे यातून निश्चित दिसते.

गिरणगावाचा मूक आघात

घर पाडले जाणे हा डोळ्यांना दिसणारा आघात असतो. रोजगार हळूहळू नाहीसा होण्याचा आघात कॅमेऱ्यात पकडणे त्याहून कठीण असते. परळ, लालबाग, चिंचपोकळी, भायखळा या गिरणगावात १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगारांचा संप सुरू झाला, जो औपचारिकरीत्या कधी मागे घेतला गेलाच नाही, आणि त्यानंतरच्या काळात एकेक करून गिरण्यांचे भोंगे थांबले. पटवर्धन यांच्या ‘ऑक्युपेशन : मिलवर्कर’ (१९९६) या छोट्या माहितीपटाने न्यू ग्रेट ईस्टर्न मिलच्या कामगारांची कथा सांगितली. बंद ठेवलेली गिरणी ताब्यात घेऊन ती पुन्हा चालवू पाहणारे हे कामगार पडद्यावर हतबल दिसत नाहीत. आपले काम आपल्याला येते, या अभिमानाने ते यंत्रांपाशी उभे राहतात.

याच परिसराकडे टाटा समाजविज्ञान संस्थेतील अंजली मोंतेरो आणि के. पी. जयशंकर यांनी ‘साचा’ (२००१) या माहितीपटातून निराळ्या वाटेने पाहिले. गिरणी कामगाराच्या घरात वाढलेले कवी नारायण सुर्वे आणि शहरातील कष्टकऱ्यांची चित्रे काढणारे चित्रकार सुधीर पटवर्धन यांच्या कलेतून या पटाने कापड उद्योगाच्या अस्ताचा आणि बदलत्या मुंबईचा शोध घेतला. एक पट प्रत्यक्ष संघर्षाच्या आत शिरतो आणि दुसरा आठवण व कला यांच्या वाटेने जातो. परंतु दोहोंचे गृहीतक एकच आहे, की गिरणी बंद होणे म्हणजे केवळ उद्योगाचे स्थलांतर नव्हते, तर चाळ, खानावळ, भजनी मंडळ, कलापथक आणि संघटना यांनी बांधलेल्या एका संपूर्ण जीवनपद्धतीचे विस्कटणे होते.

दंगलीच्या मुळाशी

डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ मधील मुंबईच्या दंगलींत सुमारे ९०० माणसे मृत्युमुखी पडली आणि या दंगलींची चौकशी न्यायमूर्ती श्रीकृष्ण आयोगाने केली. पटवर्धन यांचा ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ (१९९५) हा दोन भागांचा माहितीपट या हिंसेची कारणे केवळ धर्मात न शोधता पुरुषत्वाच्या कल्पनेत शोधतो. पहिल्या भागात हिंसेची झळ सोसलेल्या आणि तिच्याविरुद्ध बोलणाऱ्या स्त्रिया येतात, राजस्थानातील देवराला येथे १९८७ मध्ये झालेल्या सतीच्या प्रकरणाचा संदर्भ येतो. दुसऱ्या भागात रस्त्यावर शक्तिवर्धक औषधे विकणाऱ्यांपासून राजकीय व्यासपीठांपर्यंत मर्दानगीची भाषा कशी पसरलेली असते, हे दाखवले जाते. येथे सहवेदनेचा अर्थ अधिक व्यापक होतो, कारण पीडिताचे दुःख समजून घेणे पुरेसे न मानता, हिंसा करणाऱ्याच्या मनातील भीती आणि न्यूनगंड समजून घेण्याचाही प्रयत्न होतो. मात्र समजून घेणे म्हणजे क्षमा करणे नव्हे, ही मर्यादा हा पट ओलांडत नाही.

‘जय भीम कॉम्रेड’ : चौदा वर्षांची साथ

घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात ११ जुलै १९९७ रोजी सकाळी डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला आढळला. निषेधासाठी रस्त्यावर उतरलेल्या रहिवाशांवर राज्य राखीव पोलीस दलाने गोळीबार केला आणि त्यात दहा जण ठार झाले. चार दिवसांनी, १५ जुलैला, कवी-गायक विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. घोगरे आव्हान नाट्य मंचातून गाणारे डाव्या चळवळीतील शाहीर होते, ‘हमारा शहर’मध्ये त्यांचे गाणे होते, आणि मृत्यूसमयी त्यांनी डोक्याला निळे वस्त्र बांधलेले होते. वर्गसंघर्षाची गाणी म्हणणाऱ्या कवीला अखेरच्या क्षणी आपली दलित ओळख अशा रीतीने का मांडावीशी वाटली, या प्रश्नापासून ‘जय भीम कॉम्रेड’ सुरू झाला आणि पूर्ण व्हायला चौदा वर्षे लागली.

चौदा वर्षे हा कालावधी या पटाच्या आशयाचाच भाग आहे. वृत्तवाहिनीचा कॅमेरा घटनेच्या दिवशी येतो आणि दोन दिवसांनी निघून जातो. त्यामुळे त्याला आक्रोश दिसतो, पण आक्रोशानंतरची प्रतीक्षा दिसत नाही. मानसशास्त्रात आघात म्हणजे मनाच्या सोसण्याच्या क्षमतेपलीकडचा अनुभव, ज्याचे परिणाम घटना संपल्यावरही स्मृती, झोप, नातेसंबंध आणि विश्वास यांवर दीर्घकाळ टिकतात. अमेरिकेतील मनोविकारतज्ज्ञांच्या संघटनेने आघातोत्तर ताणविकाराला आपल्या अधिकृत सूचीत स्थान दिले ते १९८० मध्ये. समूहाच्या बाबतीत हा परिणाम न्यायाच्या विलंबाने आणखी चिघळतो. गोळीबाराची चौकशी करणाऱ्या गुंडेवार आयोगाने गोळीबार असमर्थनीय ठरवला आणि २००९ मध्ये सत्र न्यायालयाने गोळीबाराचा आदेश देणाऱ्या अधिकाऱ्याला जन्मठेपेची शिक्षा सुनावली, परंतु पुढे त्याला उच्च न्यायालयातून जामीन मिळाला. जमाव टँकर पेटवण्याच्या बेतात होता, या पोलिसांच्या दाव्याची चिकित्साही या पटात आहे. पटवर्धन यांचा कॅमेरा या सर्व काळात त्याच वस्तीत आणि त्याच कुटुंबांकडे पुन्हा पुन्हा जात राहिला. म्हणून प्रेक्षकाला दुःखाचा एक क्षण न दिसता त्याचा प्रवास दिसतो.

या पटाचा दुसरा कणा गाणे हा आहे. अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांनी १९४४ मध्ये उभारलेल्या लाल बावटा कलापथकाने गिरणगावात शाहिरीला राजकीय धार दिली होती, आणि आंबेडकरी जलशांची व भीमगीतांची परंपरा वस्त्यावस्त्यांतून तितकीच जिवंत होती. या दोन प्रवाहांचे नाते आणि त्यांतील ताण ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये गाण्यांमधूनच उलगडत जातो. दादरच्या चैत्यभूमीवर ६ डिसेंबरला लोटणारा जनसागर आणि त्या गर्दीविषयी परिसरातील काही रहिवाशांच्या तोंडी येणारी नाराजी, शहराचा कचरा उचलणाऱ्या दलित कामगारांचे हाल, आणि शीतल साठे यांच्यासह पुण्याच्या कबीर कला मंचाचे तरुण कलावंत, असा या पटाचा विस्तार आहे. गाणे हे येथे दुःखाची सजावट म्हणून येत नाही. ज्यांना न्यायालयात, वृत्तपत्रांत आणि पाठ्यपुस्तकांत जागा मिळाली नाही, त्यांनी स्वतःचा इतिहास जतन करण्यासाठी वापरलेले ते दस्तऐवज आहे. शीतल साठे यांची देवभोळी, लेकीच्या काळजीने व्याकूळ झालेली पण तिच्या गाण्याचा अभिमान बाळगणारी आई ही या पटातील अविस्मरणीय व्यक्तिरेखांपैकी एक आहे, आणि विचारसरणीपेक्षा माणूस मोठा ठेवण्याची दिग्दर्शकाची दृष्टी तिच्या प्रसंगांत सर्वांत स्पष्ट दिसते.

जानेवारी २०१२ मध्ये हा माहितीपट भायखळ्याच्या बीआयटी चाळीत दाखवला गेला, आणि पुढे अनेक वस्त्यांत त्याचे खेळ झाले. ज्यांच्याविषयी चित्रपट आहे त्यांच्यासमोर तो प्रथम ठेवणे, ही या कार्यपद्धतीतील महत्त्वाची पायरी आहे. फ्रान्समध्ये जाँ रूश आणि एदगार मोरँ यांनी १९६१ च्या एका प्रसिद्ध माहितीपटात सहभागी व्यक्तींना त्यांचीच दृश्ये दाखवून त्यांच्या प्रतिक्रियाही चित्रपटात घेतल्या होत्या. चाळीतला खेळ हे त्याच तत्त्वाचे अधिक सामाजिक रूप आहे. पुढे कबीर कला मंचाच्या कलावंतांवर खटले झाले, तेव्हा त्यांच्या बचावासाठी उभ्या राहिलेल्या समितीतही पटवर्धन सहभागी होते.

साक्ष घेण्याची रीत

आघात सोसलेल्या व्यक्तीला कॅमेऱ्यापुढे बोलते करणे हे धोक्याचे काम आहे, कारण आठवण जागी करताना जखमही जागी होते. ‘हमारा शहर’च्याच वर्षी, १९८५ मध्ये, प्रदर्शित झालेल्या क्लोद लांझमान यांच्या ‘शोआ’ या नऊ तासांहून अधिक लांबीच्या माहितीपटात ज्यूंच्या वंशसंहारातून वाचलेला एक न्हावी बोलता बोलता कोसळतो आणि बोलणे थांबवू पाहतो, तरीही दिग्दर्शक त्याला पुढे बोलण्याचा आग्रह धरतो. इतिहासासाठी हा आग्रह आवश्यक होता की क्रूर, याविषयीचा वाद अद्याप संपलेला नाही. पटवर्धन यांची रीत याहून वेगळी आहे. त्यांच्या पटांत साक्ष बहुधा एकांतातल्या खुर्चीवर बसवून घेतली जात नाही. ती घरात, गल्लीत, मोर्चात, शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या मध्ये घेतली जाते, त्यामुळे बोलणारी व्यक्ती एकटी पडत नाही. बोलणाऱ्याला स्वतःची भाषा, स्वतःचा संताप आणि प्रसंगी विनोदही वापरण्याची मुभा असते. आणि विरोधी मताच्या माणसालाही तेच साधे प्रश्न त्याच शांत स्वरात विचारले जातात.

प्रदर्शनासाठीचा झगडा

सिनेमॅटोग्राफ कायदा १९५२ नुसार सार्वजनिक प्रदर्शनासाठी प्रमाणपत्र आवश्यक असते आणि माहितीपटही त्याला अपवाद नाहीत. अण्वस्त्रस्पर्धेवरील ‘जंग और अमन’ (२००२) या पटात प्रमाणन मंडळाने सुचवलेली काटछाट मुंबई उच्च न्यायालयाच्या निर्णयामुळे टळली. ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ दूरदर्शनवर दाखवण्याचा प्रश्न तर थेट सर्वोच्च न्यायालयात गेला आणि पट पूर्ण झाल्यानंतर अकरा वर्षांनी, ऑगस्ट २००६ मध्ये, तो प्रसारित करण्याचा आदेश मिळाला. या लढ्याचे एक ठळक स्थान मध्य मुंबईत आहे. मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात २००४ साली अनेक परखड माहितीपट नाकारले गेले, तेव्हा देशभरच्या माहितीपटकारांनी प्रभादेवीच्या भूपेश गुप्ता भवनात ‘विकल्प’ नावाचा समांतर महोत्सव भरवला, आणि सरकारी सभागृहापासून काही पावलांवर प्रेक्षकांना हे पट पाहता आले.

आक्षेप आणि मर्यादा

पटवर्धन यांचे माहितीपट एकांगी आहेत, हा त्यांच्यावरील नेहमीचा आक्षेप आहे. ते तटस्थ नाहीत हे खरे, आणि तटस्थतेचा दावाही ते करत नाहीत. परंतु विरोधकांचे बोलणे आणि पीडितांचे जगणे यांतील विरोध संकलनातून दाखवताना विरोधकाचे काही वेळा केवळ हसे होते, आणि त्याच्या मतामागची सामाजिक कारणे अपुरी राहतात, ही टीका विचारात घेण्याजोगी आहे. दुसरा आक्षेप अधिक मूलगामी आहे : दलितांच्या वेदनेची कथा सवर्ण घरात वाढलेल्या दिग्दर्शकाने सांगावी का? दीर्घ सहवासामुळे जात पुसली जात नाही, आणि अंतिम संकलन ज्याच्या हाती त्याच्या हाती कथाही राहते. या आक्षेपाचे खरे उत्तर एका दिग्दर्शकाच्या सद्हेतूत नसून कॅमेरा कोणकोणाच्या हाती पोहोचतो, यात आहे. तमिळनाडूत सफाई कामगारांवर ‘कक्कूस’ (२०१७) करणाऱ्या दिव्या भारती किंवा बहुजन दृष्टीने आंबेडकरी राजकारणाकडे पाहणाऱ्या ज्योती निशा यांच्या कामातून हा बदल दिसू लागला आहे.

पटवर्धन यांच्या अलीकडच्या ‘विवेक’ (२०१८) या दीर्घ माहितीपटात डॉ. नरेंद्र दाभोलकर, कॉ. गोविंद पानसरे आणि अन्य विवेकवाद्यांच्या हत्यांचा मागोवा आहे, तर ‘वसुधैव कुटुंबकम’ (२०२३) मध्ये दिग्दर्शकाने कॅमेरा स्वतःच्या वृद्ध आईवडिलांकडे वळवला आहे. आईचे सिंधमधील माहेर आणि फाळणी, वडिलांच्या घराण्यातील स्वातंत्र्यलढा, आणि दोघांचे सरत चाललेले दिवस यांची ही नोंद आहे. इतरांच्या घरात चाळीस वर्षे कॅमेरा नेणाऱ्याने अखेर स्वतःचे घरही त्याच्यापुढे उघडे केले, ही गोष्ट त्याच्या कार्यपद्धतीशी सुसंगतच आहे.

या सर्व कामाचा निष्कर्ष असा की, माहितीपटातील सहवेदना प्रेक्षकाच्या डोळ्यांत किती पाणी आले यावर मोजता येत नाही. दिग्दर्शक किती काळ थांबला, स्वतःला विचारलेला प्रश्न त्याने ठेवला की कापला, आणि तयार झालेला चित्रपट त्याने प्रथम कोणाला दाखवला, या तीन कसोट्यांवर ती मोजावी लागते. पटवर्धन यांचे मुंबईपट या कसोट्यांवर बहुतांशी उतरतात, आणि त्यांतले अनेक पट आता इंटरनेटवर विनामूल्य पाहता येतात. गिरगाव, दादर, परळ, लालबाग येथील ग्रंथालये, सार्वजनिक मंडळे आणि महाविद्यालये यांच्याकडे सभागृहे आहेत, पडदे आहेत आणि श्रोतेही आहेत. व्याख्यानमालेच्या एखाद्या संध्याकाळी त्यांनी यांतील एक माहितीपट दाखवून त्यावर मोकळी चर्चा घडवावी.